एक चाल, दोन गाणी: डेस्मंड चाइल्ड आणि १९८६ सालचं बॉन जोव्ही

१९८६ साली अमेरिकेत एकच कोरस, म्हणजे गाण्यात पुन्हा पुन्हा येणारा मुखडा, दोन वेगवेगळ्या गाण्यांतून बाजारात आला. आधी आलं गायिका बॉनी टायलरचं 'इफ यू वेअर अ वुमन अँड आय वॉज अ मॅन'. बिलबोर्ड हॉट १०० या तिथल्या लोकप्रिय गाण्यांच्या साप्ताहिक यादीत ते ७७व्या क्रमांकापर्यंत गेलं आणि तिथूनच परत फिरलं. मग आलं बॉन जोव्ही या बँडचं 'यू गिव्ह लव्ह अ बॅड नेम'. २९ नोव्हेंबर १९८६च्या यादीत ते पहिलं होतं. दोन्ही गाणी पाठोपाठ ऐका. कोरसची चाल तीच आहे हे ओळखायला गाण्याचं शिक्षण लागत नाही. यात चोरी नव्हती. पहिलं गाणं ज्याच्या एकट्याच्या नावावर आहे, तोच माणूस दुसऱ्या गाण्याच्या तीन गीतकारांपैकी एक आहे: डेस्मंड चाइल्ड.

आपल्याकडे इंग्रजी रॉक ऐकत मोठ्या झालेल्या अनेकांना या माणसाची पाच-सहा गाणी तरी पाठ असतात. किस, बॉन जोव्ही, एरोस्मिथ, अ‍ॅलिस कूपर, जोन जेट या सगळ्यांच्या गाजलेल्या गाण्यांमागे तो आहे. नाव मात्र फारसं कुणाला माहीत नसतं. आकाशवाणीवर गाणं लागायच्या आधी गीतकार, संगीतकार आणि गायक अशी तिन्ही नावं ऐकायची सवय असलेल्या आपल्याला याचं नवल वाटू शकतं. पण रॉकची रीतच निराळी आहे. बँड जे गातो ते बँडनंच लिहिलेलं असणार, असं तिथला श्रोता गृहीत धरतो. बाहेरून गीतकार आणणं म्हणजे आपल्याकडे सांगण्यासारखं काही उरलं नाही अशी कबुलीच, असं त्या काळी मानलं जाई. म्हणून असा माणूस पडद्यामागेच राहतो, आणि त्यानं तिथं बसून नक्की काय केलं हे सहसा कळत नाही.

या प्रकरणात मात्र ते कळतं. कारण इथे चाल तीच, लिहिणारा तोच, वर्ष तेच, बाजारही तोच. आणि निकाल दोन टोकांचे. मधल्या काही महिन्यांत काय बदललं ते पाहिलं की पडद्यामागच्या गीतकाराच्या कामाचा गाभा हाती लागतो. माझ्या मते तो असा: चाल सुचणं हे त्या कामाचं एक अंग. ती कुणाच्या गळ्यातून खरी वाटेल हे ओळखून, आपली मालकी सैल करून, ती त्याच्या हाती सोपवणं हे दुसरं. पहिल्या अंगाचं कौतुक सगळे करतात. चाइल्डचा व्यवसाय उभा राहिला तो दुसऱ्यावर.

तोवरचा डेस्मंड चाइल्ड

त्याचं जन्मनाव जॉन चार्ल्स बॅरेट. जन्म २८ ऑक्टोबर १९५३, फ्लॉरिडातल्या गेन्सव्हिलचा. आई एलेना कसाल्स क्यूबाची, कविता आणि गाणी लिहिणारी. मायामीतल्या गरीब वस्तीत, स्पॅनिश आणि इंग्रजी दोन्ही कानांवर पडत तो वाढला. पुढे न्यूयॉर्कला गेला आणि तिथं मारिया व्हिडाल, मिरियम व्हॅले आणि डायना ग्रासेली या तीन गायिकांबरोबर 'डेस्मंड चाइल्ड अँड रूज' नावाचा गट चालवू लागला. १९७९ साली कॅपिटॉल कंपनीनं या गटाचे दोन अल्बम काढले. त्यांतलं एक गाणं ५१व्या क्रमांकापर्यंत गेलं, पुढे काही झालं नाही आणि गट फुटला.

पण त्या गटाचे कार्यक्रम पाहायला किसचा पॉल स्टॅनली येत असे. दोघांची ओळख झाली आणि १९७९ मध्येच स्टॅनली, चाइल्ड आणि निर्माता व्हिनी पोन्सिया यांच्या नावानं 'आय वॉज मेड फॉर लव्हिन यू' आलं. हार्ड रॉक बँडनं डिस्कोच्या ठेक्यावर गाणं करणं तेव्हा अनेक चाहत्यांना रुचलं नाही, पण जगभर ते वाजलं. पंचविशीतल्या चाइल्डला त्यातून दोन गोष्टी मिळाल्या: उत्पन्न, आणि रॉकच्या घरात बाहेरच्या माणसालाही दार उघडं होऊ शकतं याचा अनुभव.

यानंतरच्या काळाकडे चरित्रं पटकन उरकून पुढे जातात, आणि मला वाटतं तिथंच थांबायला हवं. गट फुटल्यावर चाइल्डनं बॉब क्रू या ज्येष्ठ गीतकाराच्या हाताखाली काम शिकून घेतलं. क्रू म्हणजे साठच्या दशकात फोर सीझन्स या गटाच्या गाण्यांचे शब्द लिहिणारा आणि त्यांची ध्वनिमुद्रणं घडवणारा माणूस. आधी शीर्षक ठरवायचं, मग त्या शीर्षकात कोणती गोष्ट दडली आहे ते शोधायचं, आणि मग तिच्याभोवती गाणं बांधायचं, ही त्या पिढीची शिस्त. एका अपयशी गटाचा म्होरक्या म्हणून ज्याच्या नावावर दोन अल्बम होते, त्यानं पुन्हा शिकाऊ म्हणून बसावं हे सोपं नसतं. १९८४ मध्ये स्टॅनलीबरोबर लिहिलेलं किसचं 'हेवन्स ऑन फायर' हे त्या शिस्तीतून आलेलं गाणं वाटतं: दोन-तीन शब्दांचं शीर्षक, आणि पहिल्या क्षणापासून तेच कानात राहील अशी रचना.

१९८४ च्याच शेवटी किसच्या युरोप दौऱ्यात आधी वाजवणारा बँड होता बॉन जोव्ही. चाइल्डला भेट, असं या बँडचा गायक जॉन बॉन जोव्ही याला सुचवलं ते स्टॅनलीनं.

आपटलेलं गाणं

बॉनी टायलरच्या गाण्याची निर्मिती जिम स्टाइनमनकडे होती. चाइल्डनं मुलाखतींतून सांगितलं आहे की स्टाइनमननं त्याला नेमका आराखडाच दिला होता: गाण्याचा एक भाग टीना टर्नरसारखा हवा, कोरस ब्रूस स्प्रिंगस्टीनसारखा हवा. विषयही ठरलेला, स्त्री आणि पुरुष यांच्या भूमिकांची अदलाबदल. चाइल्डनं आराखड्याबरहुकूम गाणं लिहून दिलं.

ध्वनिमुद्रण वाईट नाही. टायलरचा खरखरीत आवाज त्यात जीव तोडून गातो. फ्रान्समध्ये ते चांगलं गाजलंही. पण अमेरिकेत आणि ब्रिटनमध्ये ते सत्तरीच्या घरातच राहिलं. कंपनीनं त्याच्यामागे जोर लावला नाही असं चाइल्डचं मत होतं, त्याला त्याचा राग होता, आणि ही चाल गाजण्याजोगी आहे हे सिद्ध करायचंच, असं त्यानं मनाशी ठरवलं. हे त्यानं स्वतः अनेकदा सांगितलं आहे.

त्याच्या रागात तथ्य असेल. तरी दोष सगळा कंपनीचा होता असं मला वाटत नाही. त्या गाण्यात टायलर कुठे आहे? कडव्यात एकीची छाया, कोरसमध्ये दुसऱ्याची. आणि शीर्षक असं की 'तू बाई असतास आणि मी पुरुष असते तर' या कल्पनेत आधी शिरावं लागतं, मग तिच्यातलं दुःख समजतं. रेडिओवर चालत्या गाडीत गाणं ऐकणाऱ्याजवळ तेवढी सवड नसते.

तळघर

दुसऱ्या बाजूला बॉन जोव्ही अडचणीत होता. १९८४चा पहिला अल्बम बरा चालला, १९८५चा दुसरा अपेक्षेइतका चालला नाही. अशा वेळी तिसरा अल्बम म्हणजे बहुतेक बँडांसाठी शेवटची संधी. चोविशीतल्या जॉन बॉन जोव्हीनं बाहेरच्या गीतकाराला सोबत घ्यायचं ठरवलं, हा निर्णय म्हणूनच महत्त्वाचा. जॉन, चाइल्ड आणि बँडचा गिटारवादक रिची सॅम्बोरा असे ते तिघे भेटले सॅम्बोराच्या आईवडिलांच्या न्यू जर्सीतल्या घरी, तळघरात. ना स्टुडिओ, ना कंपनीचा माणूस. एक कीबोर्ड, गिटार, एक टेबल.

चाइल्ड येताना शीर्षक घेऊन आला होता: 'यू गिव्ह लव्ह अ बॅड नेम', म्हणजे तू प्रेमाला बदनाम करतेस. ते ऐकताच जॉनला आपला एक शब्दप्रयोग आठवला, 'शॉट थ्रू द हार्ट', काळजात गोळी. या नावाचं एक गाणं बँडच्या पहिल्याच अल्बमवर होतं, जॉन आणि जॅक पॉन्टी यांनी लिहिलेलं. ते फारसं पुढे गेलं नव्हतं. आणि चाल? ती चाइल्डकडे तयार होती, काही महिन्यांपूर्वीच आपटलेली.

म्हणजे त्या टेबलावर काय होतं ते पाहा. एकाकडे मागे राहिलेल्या गाण्याचा शब्दप्रयोग, दुसऱ्याकडे मागे राहिलेल्या गाण्याचा कोरस, आणि नवं म्हणावं असं एक शीर्षक. पडद्यामागच्या गीतकाराचं कौशल्य इथं मला सर्वांत स्पष्ट दिसतं. नवं काही सुचलं पाहिजे असा हट्ट चाइल्डनं धरला नाही. आपली चाल नाकारली गेली म्हणून तो तिला वाईटही समजला नाही. त्याला ती नाकारण्याचं कारण ऐकू आलं होतं, आणि ते कारण चालीत नव्हतं.

स्टाइनमननं स्प्रिंगस्टीनसारखा मागितलेला तो कोरस आता स्प्रिंगस्टीनच्याच राज्यातल्या, न्यू जर्सीच्या सेरव्हिल गावात वाढलेल्या कामगारवर्गीय घरच्या पोराच्या तोंडी जाणार होता. हे योजून झालं की आपोआप, कोण जाणे. पण त्या चालीचं खरं गाव तेच होतं.

दोन ध्वनिमुद्रणं शेजारी ठेवून

आता फरक ऐका. टायलरच्या गाण्यात कडवं आधी येतं, हळूहळू चढत कोरसपर्यंत नेतं. बॉन जोव्हीच्या गाण्यात पहिल्या क्षणी वाद्यच नाही: फक्त मिळून गाणारे आवाज, आणि कोरसची ओळ. गाण्यातली सर्वांत पक्की गोष्ट सर्वांत आधी, उघडी, काहीही आधार न देता समोर ठेवलेली. त्यानंतर गिटार येते. गाणं पावणेचार मिनिटांच्या आत संपतं.

दुसरा फरक शब्दांचा. आधीच्या गाण्यात 'जर असं असतं तर' होतं. इथं सरळ आरोप आहे, 'तू'ला उद्देशून, आणि तो हजारो माणसांना एका सुरात ओरडता येतो. चालीतल्या लांब स्वरांवर आता स्फोटक व्यंजनं आली. गाण्याचा अर्थ आधीच्यापेक्षा खोल झाला असं मी म्हणणार नाही; उलट टायलरच्या गाण्याची कल्पना अधिक गुंतागुंतीची आणि अधिक धाडसी आहे. पण चालीचा पिंड तक्रारीचा, गर्जनेचा होता. दुसऱ्या शब्दांनी तो ओळखला.

तिसरा फरक स्टुडिओचा. तळघरातल्या कच्च्या मुद्रणापासून पक्क्यापर्यंतचं काम व्हँकुव्हरच्या लिटल माउंटन साउंड स्टुडिओत झालं. निर्माता ब्रूस फेअरबेर्न, ध्वनियंत्रणेवर बॉब रॉक. फेअरबेर्नला ढोलांचा आणि मिळून गायच्या आवाजांचा भरीव नाद साधण्याची हातोटी होती. इथं हेही नोंदवायला हवं की चाइल्ड या अल्बमचा निर्माता नव्हता. त्याचं काम तळघरात संपलं होतं. पुढचं यश त्याच्या एकट्याच्या खात्यावर टाकणं अन्यायाचं होईल. फेअरबेर्न, रॉक आणि सॅम्बोराच्या गिटारीशिवाय ही चाल दुसऱ्यांदाही आपटू शकली असती.

बँडनं त्या अल्बमसाठी सुमारे ३० गाणी तयार केली आणि कोणती ठेवावीत हे ठरवताना ती आसपासच्या कोवळ्या वयाच्या मुलामुलींना ऐकवून पाहिली. 'स्लिपरी व्हेन वेट' ऑगस्ट १९८६ मध्ये आला. त्यातल्या दहा गाण्यांपैकी चार गाण्यांवर चाइल्डचं नाव आहे. अल्बम अमेरिकेत आठ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिला, आणि तिथं त्याच्या एक कोटी वीस लाखांहून अधिक प्रती खपल्या.

टॉमी आणि जीना

चालीचा पुनर्वापर ही युक्ती एकदाच चालते. चाइल्डकडे तेवढंच असतं तर त्याचं नाव आज कुणी काढलं नसतं. त्याच तिघांनी लिहिलेलं 'लिव्हिन ऑन अ प्रेअर' म्हणून अधिक महत्त्वाचं ठरतं. इथं चाइल्डनं चाल नव्हे, स्वतःचं आयुष्य दुसऱ्याच्या तोंडी दिलं.

गाण्यातली गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. गोदीत काम करणारा टॉमी, संपामुळे बेकार. दिवसभर खानावळीत राबणारी त्याची जीना. ही जीना खरी होती. सत्तरच्या दशकात न्यूयॉर्कमध्ये चाइल्ड टॅक्सी चालवायचा आणि त्याची तेव्हाची मैत्रीण, रूजमधली मारिया व्हिडाल, एका खानावळीत वाढपी होती. इटालियन नटी जीना लोलोब्रिजिडासारखी दिसते म्हणून तिथं तिला जीना म्हणत. नायकाचं नाव चाइल्डला जॉनी ठेवायचं होतं, कारण तो स्वतः मुळात जॉन. पण गाणाराही जॉन! आपणच आपल्याविषयी गातोय असं वाटेल म्हणून जॉन बॉन जोव्ही अडला, आणि जॉनीचा टॉमी झाला.

ही छोटी देवाणघेवाण मला फार बोलकी वाटते. चाइल्डचं टोपणनावामागचं खरं नाव त्या गाण्यात यायचं होतं, ते गेलं. राहिली ती फक्त परिस्थिती: भाडं भरायची भ्रांत, एकमेकांचा आधार, उद्याची आशा. ती परिस्थिती न्यू जर्सीच्या कारखान्यांभोवती वाढलेल्या जॉनलाही ओळखीची होती, रेगनच्या काळातल्या कामगार कुटुंबांचं हे गाणं आहे असं त्यानं पुढे सांगितलंही. दोन वेगळ्या आयुष्यांतला जेवढा भाग जुळतो तेवढाच गाण्यात ठेवला गेला. बाहेरचा गीतकार बँडला परका शब्द देतो ही समजूत इथं टिकत नाही.

गंमत अशी की पहिल्या मुद्रणानंतर जॉनला ते गाणं विशेष वाटलं नव्हतं. सॅम्बोरानं हट्ट धरला. मग बासची नवी चाल आली, ढोलाचे तुकडे बदलले, आणि गिटारीचा आवाज नळीतून तोंडात घेऊन बोलल्यासारखा काढणारं टॉक बॉक्स आलं. मूळचं कच्चं रूप २००४ सालच्या संग्रहात ऐकायला मिळतं. शब्द बहुतेक तेच, पण त्यात धाव नाही.

शेवटच्या कोरसला पट्टी चढते ती ई मायनरवरून जी मायनरला, एकदम तीन अर्धस्वर वर. बहुतेक गाण्यांत ही चढण एक किंवा दोन अर्धस्वरांची असते. शिवाय चढताना एक मात्रा कापली आहे, चारांऐवजी तीन, त्यामुळे कोरस अपेक्षेपेक्षा क्षणभर आधीच अंगावर येतो. पुढची कित्येक वर्षं मैफलीत ती उंची गाठणं जॉनला जड गेलं आहे, आणि लोकांनीच ती ओळ उचलून धरली आहे. १४ फेब्रुवारी १९८७च्या यादीत गाणं पहिलं आलं आणि चार आठवडे तिथं राहिलं.

श्रेय आणि पैसा

पडद्यामागे राहणं म्हणजे फुकट राबणं नव्हे. चाइल्डच्या बाबतीत तर मुळीच नाही, आणि ही बाजू समजल्याशिवाय प्रकरण अर्धवट राहील.

अमेरिकेत रेडिओवर गाणं वाजलं की पैसे मिळतात ते गीतकाराला आणि त्याच्या प्रकाशकाला. नेहमीच्या रेडिओ केंद्रांवर गायकाला, वादकाला, ध्वनिमुद्रणाच्या मालकाला त्यासाठी काही मिळत नाही. जॉन बॉन जोव्हीला त्या गाण्याच्या रेडिओवरच्या वाजण्याचा वाटा मिळतो तो गातो म्हणून नव्हे, लिहिणाऱ्यांत त्याचं नाव आहे म्हणून. प्रत विकली गेली की वेगळं मानधन. १९८६ साली कायद्यानं ठरलेला दर एका प्रतीवरच्या एका गाण्यामागे ५ सेंट होता. करारात तो अनेकदा घटवला जाई. त्या दरानं ढोबळ हिशेब केला तर एक कोटी वीस लाख प्रतींवर एका गाण्याचे जास्तीत जास्त ६ लाख डॉलर होतात, आणि ते तिघांत व त्यांच्या प्रकाशकांत वाटले जातात. हे नुसतं अमेरिकेतलं, नुसतं अल्बमचं. रेडिओ, चित्रपट, इतरांनी केलेली रूपं हे त्यापलीकडे, आणि ते वर्षानुवर्षं चालू राहतं.

आता त्या तळघराकडे या हिशेबानं पाहा. टायलरच्या गाण्याची चाल चाइल्डच्या एकट्याच्या नावावर होती. तीच दुसऱ्या गाण्यात घालताना त्यानं मालकी तिघांत वाटून घेतली. ७७व्या क्रमांकाच्या गाण्याचं पूर्ण श्रेय विरुद्ध पहिल्या क्रमांकाच्या गाण्यातला वाटा, असा निवाडा आज करणं सोपं आहे. तेव्हा समोर होता दुसरा अल्बम पडलेला बँड.

बॉन जोव्हीच्या बाजूनंही हा सौदाच होता. सगळी गाणी आपणच लिहितो ही प्रतिष्ठा त्यांनी थोडी सोडली, आणि अल्बमच्या वेष्टनावर चाइल्डचं नाव स्पष्ट छापलं. अनेक ठिकाणी बाहेरच्या माणसाला एकरकमी पैसे देऊन नाव गाळलं जातं. इथं तसं झालं नाही, म्हणूनच आज आपण हे प्रकरण तपासू शकतो. २०२० साली आव्हा मॅक्स या गायिकेच्या 'किंग्स अँड क्वीन्स'मध्ये हीच चाल पुन्हा आली, तेव्हाही गीतकारांच्या यादीत डेस्मंड चाइल्ड होता.

तीच पद्धत, दुसरी माणसं

१९८७ मध्ये एरोस्मिथची पाळी आली. १९८५चा त्यांचा अल्बम पडला होता. गेफेन कंपनीच्या जॉन कलोडनरनं बाहेरचे गीतकार आणायचा आग्रह धरला तेव्हा बँड नाखूश होता. बँडचा गायक स्टीव्हन टायलर यानं चाइल्डला एक गाणं ऐकवलं, मुलींच्या मागे हिंडण्याबद्दलचं. चाइल्डला ते कंटाळवाणं वाटलं आणि त्यानं ते तोंडावर सांगितलं. तेव्हा टायलर काहीसा लाजत म्हणाला की आधी मी तिथं दुसरेच शब्द गात होतो, 'ड्यूड लुक्स लाइक अ लेडी', म्हणजे हा गडी बाईसारखा दिसतो. चाइल्डनं तेच धरून ठेवलं. समलिंगी लोकांना ते लागेल अशी शंका बँडचा गिटारवादक जो पेरी यानं काढली, तर चाइल्डनं उत्तर दिलं की मी स्वतः समलिंगी आहे आणि मला ते लागलेलं नाही.

गाण्याची सर्वांत जिवंत ओळ बँडकडेच होती. ती बाजूला सारली गेली होती, आणि ती परत उचलायला लागला तो खोलीतला परका माणूस. तो परका होता म्हणूनच त्याला ती ऐकू आली असं मला वाटतं. १९८७च्या त्याच नव्या अल्बमसाठी स्टीव्हन टायलर आणि चाइल्ड यांनी लिहिलेलं 'एंजल' १९८८ मध्ये तिसऱ्या क्रमांकापर्यंत गेलं.

पुढची दोन वर्षं घाईची. १९८८ मध्ये बॉन जोव्हीचं 'बॅड मेडिसिन' पहिलं आलं, जोन जेटचं 'आय हेट मायसेल्फ फॉर लव्हिंग यू' आठवं. १९८९ मध्ये अ‍ॅलिस कूपरच्या 'ट्रॅश' अल्बमची पूर्ण निर्मितीच चाइल्डकडे आली. त्यातलं 'पॉयझन' अमेरिकेत सातवं, ब्रिटनमध्ये दुसरं. कूपरला १९७७ नंतर अमेरिकेत पहिल्या दहांत गाणं मिळालं ते हेच. 'पॉयझन' मला आजही आवडतं. पण संपूर्ण 'ट्रॅश' ऐकताना जाणवतं की कूपर कधी कधी चाइल्डच्या साच्यात उभा आहे. मोठा कोरस, त्याआधी क्षणभर शांतता, मागे गाणारा जमाव, हे गाण्यामागून गाणं येतं. पद्धत हातखंडा झाली की ती समोरच्या माणसाला ऐकायची थांबते, हा धोका या अल्बमवर मला स्पष्ट दिसतो.

१९९१ मध्ये त्यानं स्वतःच्या नावानं 'डिसिप्लिन' हा अल्बम काढला. त्यातलं एक गाणं ४०व्या क्रमांकावर पोहोचलं, बस. रचनेत खोट नव्हती. आणि त्याच सुमाराला सिअ‍ॅटलहून नवं, उग्र, साधेपणा मिरवणारं रॉक आलं. बाहेरच्या गीतकाराची गरजच न मानणारं. हार्ड रॉकचा तो काळ संपत आला. चाइल्ड आईच्या भाषेकडे आणि मायामीकडे वळला, आणि १९९९ मध्ये ड्राको रोसाबरोबर लिहिलेलं रिकी मार्टिनचं 'लिव्हिन ला व्हिडा लोका' पाच आठवडे पहिलं राहिलं. ती वेगळी कथा आहे, तिचा अभ्यास स्वतंत्रच व्हायला हवा. २००८ साली त्याला सॉंगरायटर्स हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळालं.

उलट बाजूचा पुरावा

आतापर्यंतच्या मांडणीवर एक रास्त आक्षेप येईल: यश मिळाल्यानंतर कारणं शोधणं सोपं असतं, योग्य गळा ओळखण्याची दृष्टी चाइल्डकडे होतीच हे कशावरून? नेहमीच होती असं नाही, आणि याचा पुरावा बॉनी टायलरच्याच कारकिर्दीत आहे.

१९८८ मध्ये टायलरच्या 'हाइड युअर हार्ट' अल्बमचा निर्माता खुद्द डेस्मंड चाइल्ड होता. आता कंपनीचं किंवा दुसऱ्या निर्मात्याचं कारण पुढे करता येणार नव्हतं. त्या अल्बमवर 'द बेस्ट' नावाचं एक गाणं होतं, हॉली नाइट आणि माइक चॅपमन यांनी लिहिलेलं. नाइट ही चाइल्डसारखीच पडद्यामागची, तितकीच समर्थ गीतकार. टायलरचं 'द बेस्ट' ब्रिटनमध्ये ९५व्या क्रमांकावर राहिलं.

पुढच्याच वर्षी ते टीना टर्नरनं गायलं. डॅन हार्टमननं निर्मितीची सूत्रं घेतली. टर्नरनं गाण्यात नवा ब्रिज, म्हणजे मधेच येणारा वेगळ्या चालीचा तुकडा, मागितला, पट्टी बदलणारा, आणि नाइटनं तो लिहून दिला. एडगर विंटरचा सॅक्सोफोन आला. आवाजाला पसरायला जागा मिळाली. त्यानंतर ते गाणं कुठे कुठे वाजलं हे सांगायला नको.

या वेळी चाइल्डकडे गाणं होतं, गायिका होती, स्टुडिओ होता, आणि दोन वर्षांपूर्वी तळघरात ज्यानं स्वतःची चाल योग्य माणसापर्यंत पोहोचवली होती तो अनुभवही होता. तरी ब्रिजची उणीव त्याला जाणवली नाही, किंवा जाणवली असूनही त्यानं तो मागितला नाही. मला यात त्याची मानहानी दिसत नाही. 'यू गिव्ह लव्ह अ बॅड नेम'च्या वेळी गाणं दुसऱ्याच्या हाती सोपवून तो बाहेर पडला होता, आणि व्हँकुव्हरला फेअरबेर्न व सॅम्बोरा त्यावर पुन्हा मेहनत घेत होते. 'द बेस्ट'च्या वेळी निर्माता म्हणून शेवटचा शब्द त्याचाच होता, आणि ते गाणं पुन्हा उलगडून बसणारं कुणी त्या खोलीत नव्हतं. नाइटला तशी माणसं मिळाली, एका वर्षानंतर.